गेम खेळून मेंदूचं नक्की काय होतं? (मुलगा दहावीत, वय १५)

अबोली

नमस्कार मंडळी. इतकी वर्षं इथे नुसती वाचत होते, आज पहिल्यांदाच धागा काढतेय.

आम्ही नाशिकला असतो. मी आणि नवरा दोघंही नोकरीला. २०२० मध्ये शाळा ऑनलाइन झाली तेव्हा मुलगा पाचवीत होता. त्याच्यासाठी वेगळा फोन घ्यावा लागला. पुढे शाळा सुरू झाली, फोन मात्र त्याच्याकडेच राहिला. गेलं वर्षभर बीजीएमआय (फोनवरचा गोळीबाराचा ऑनलाइन गेम) चालू आहे. परवा मंगळवारी रात्री पाणी प्यायला उठले, तर त्याच्या दाराखालून उजेड दिसला. अडीच वाजले होते. पांघरुणात बसून, कानात इअरफोन घालून, दबक्या आवाजात कुणाला तरी सांगत होता, "मागून येतोय, मागून, रिव्हाइव्ह दे." मी दारात उभी आहे हे त्याला बराच वेळ कळलंच नाही.

मी ओरडले. फोन हिसकावून घेतला. तो रडला आणि मला असं काही बोलला की ते इथे लिहवत नाही. तेव्हापासून फोन माझ्या कपाटात आहे आणि घरात कुणी कुणाशी नीट बोलत नाही.

सहामाहीत गणितात आणि विज्ञानात बरेच मार्क गेलेत. उजवा अंगठा दुखतो म्हणतो. सकाळी सहाला उठवताना जीव मेटाकुटीला येतो. मोठे दीर म्हणतात, गेमने मेंदू सडतो. ऑफिसातली मैत्रीण म्हणते, उलट मुलं तल्लख होतात, परदेशात संशोधन झालंय. दोघंही अगदी छातीठोकपणे सांगतात. मला खरं काय ते हवंय. मेंदूवर परिणाम होतो का? झाला तर भरून येतो का? आणि फोन काढून घेतला ते बरोबर केलं का?

---

रानवारा

अबोली, तुमचं वाचून पोटात कालवलं. आमच्याकडे मुलगी होती, चौदाची. आम्हीही फोन काढून घेतला होता. चार-पाच दिवस शांततेत गेले. मग कळलं की क्लासला जाते सांगून मैत्रिणीच्या घरी तिच्या फोनवर खेळत होती. गेम सुटला नाही, वर खोटं बोलायची सवय लागली, आणि ती मोडायला आम्हाला वर्ष लागलं. तुम्हाला दोष देत नाहीये. त्या रात्री मीही तेच केलं असतं.

---

चेतातंतू

अबोलीताई, मी मेंदूविज्ञानात काम करते. डॉक्टर नाही, त्यामुळे हा वैद्यकीय सल्ला समजू नका.

तुमचे दीर आणि तुमची मैत्रीण दोघंही 'गेम' ही एकच वस्तू धरून बोलतायत. टेट्रिस, मारिओ, बीजीएमआय आणि कँडी क्रश यांचं मेंदूकडून मागणं वेगवेगळं असतं. ताक आणि ताडी रंगाने सारखी म्हणून एका माळेत ओवता येत नाहीत.

आधी डोपामिन हे मेंदूतलं रसायन, कारण सगळी भीती तिथून सुरू होते. १९९८ मध्ये लंडनच्या हॅमरस्मिथ रुग्णालयात आठ पुरुषांना रणगाड्याचा एक गेम खेळायला दिला आणि खेळताना त्यांच्या मेंदूचे पेट स्कॅन घेतले. डोपामिन मेंदूत ज्या जागांवर जाऊन बसतं, त्याच जागांवर बसणारा एक किरणोत्सारी पदार्थ त्यांना टोचला होता. डोपामिन जास्त सुटलं की जागा भरतात आणि त्या पदार्थाला बसायला कमी जागा उरते. त्यावरून अंदाज आला की खेळताना डोपामिन निदान दुपटीने वाढलं, आणि ज्यांचा खेळ चांगला झाला त्यांच्यात जास्त वाढलं. गेम म्हणजे ड्रग्ज, ही आवई याच प्रयोगाचं बोट धरून पसरली. पण डोपामिन म्हणजे विष नव्हे. भूक लागलेली असताना फोडणीचा वास आला तरी ते सुटतं. 'हे महत्त्वाचं आहे, पुन्हा कर' एवढंच ते मेंदूला सांगत असतं.

मग प्रश्न उरतो तो हा निरोप किती वेळा येतो आणि किती अनपेक्षितपणे येतो याचा. स्किनर या मानसशास्त्रज्ञाने कबुतरांवर केलेले प्रयोग प्रसिद्ध आहेत. ठरावीक वेळा चोच मारल्यावर हमखास दाणा मिळाला तर कबुतर दाणा खाऊन जरा विसावतं. कधी तीनदा, कधी तीसदा मारल्यावर मिळत असेल तर ते थांबायचं नाव घेत नाही, आणि दाणे बंद झाले तरी बराच वेळ चोच मारत राहतं. गेममधली पेटी उघडल्यावर आत काय निघेल हे आधी कळू न देण्यामागे हेच तत्त्व आहे. ते तिथे जाणूनबुजून ठेवलेलं असतं. तुमचा मुलगा दुबळ्या मनाचा आहे असं अजिबात मनात आणू नका.

आता मैत्रिणीच्या बाजूचं. २००३ मध्ये रॉचेस्टर विद्यापीठात डॅफ्नी बाव्हेलिए आणि शॉन ग्रीन यांनी कधी न खेळणाऱ्या लोकांना दहा दिवस, रोज एक तास, युद्धाचा वेगवान गेम खेळायला लावला. दुसऱ्या गटाला टेट्रिस दिला. युद्धाचा गेम खेळलेल्यांची नजर सुधारली. म्हणजे काय, तर कडेला काय चाललंय ते टिपणं, गर्दीतून हवी ती वस्तू हेरणं, एका झटक्यात जास्त गोष्टी लक्षात घेणं. पुढे इतरांनीही यावर बरंच काम केलं. हा फायदा खरा आहे.

पण 'लक्ष' या एका शब्दात आपण दोन गोष्टी कोंबतो. झुडपात हललेलं काहीतरी क्षणात दिसणं हे एक लक्ष. भूमितीची सिद्धता पंधरा मिनिटं धरून बसणं, मध्ये काही चमकत नाही, वाजत नाही, बक्षीस मिळत नाही, तरीही बसणं, हे दुसरं. पहिल्याचा सराव केल्याने दुसरं आपोआप येत नाही. 'आमचा मुलगा गेममध्ये तीन तास एकाग्र असतो, मग अभ्यासात का नाही' असं पालक विचारतात, त्याचं उत्तर यात आहे. गेममध्ये त्याचं लक्ष दर काही सेकंदांनी कुणीतरी ओढून आणत असतं. पुस्तक ओढत नाही, तिथे ते स्वतःच आणावं लागतं.

मेंदूची रचना बदलते का? बदलते. बर्लिनच्या माक्स प्लांक संस्थेत सिमोन क्यून यांच्या गटाने मोठ्या माणसांना दोन महिने, रोज अर्धा तास, 'सुपर मारिओ ६४' खेळायला दिला. २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षात मेंदूतल्या हिप्पोकॅम्पस या भागात करडं द्रव्य (चेतापेशी दाटीने असतात तो भाग) वाढलेलं दिसलं. जागा, रस्ते, आठवणी यांचं काम हिप्पोकॅम्पस करतो. नंतर मॉन्ट्रियलच्या संशोधकांनी नव्वद तासांचा प्रयोग केला, तेव्हा चित्र आणखी गुंतागुंतीचं निघालं. गोळीबाराच्या गेममध्ये जे लोक आजूबाजूच्या खुणा लक्षात ठेवून, मनात नकाशा तयार करून फिरत होते, त्यांचा हिप्पोकॅम्पस वाढला. जे नुसते सवयीने डावं-उजवं वळत होते, त्यांचा कमी झाला. गेम तोच आणि तासही तेवढेच, पण खेळायची रीत वेगळी. तुमच्या नाशकातल्या भद्रकालीच्या गल्ल्यांतून खुणा ओळखत घरी पोचणं आणि फोनमधली बाई सांगेल तिथे वळणं, यांत असतो तसा फरक.

बदल म्हणजे बिघाड नव्हे. तबला शिकलात तरी मेंदू बदलतो. पंधराव्या वर्षी तर तो फारच लवचिक असतो. त्यामुळे 'सडतो' हा शब्द डोक्यातून काढून टाका.

मला खरी काळजी वाटते ती तुमच्या त्या अडीच वाजल्याची. त्याची शाळा किती वाजता असते?

---

अबोली

शाळा सव्वासातची. साडेपाच-सहाला उठावं लागतं. म्हणजे तो जेमतेम तीन-साडेतीन तास झोपत होता, आणि ते किती दिवस हे मला माहीतच नाही. हे लिहितानाही हात थरथरतोय.

---

चेतातंतू

ताई, तुमच्या पहिल्या पोस्टमधले मार्क, चिडचिड, सकाळचं न उठणं, हे सगळं आधी झोपेच्या खात्यात मांडून बघा. गेमच्या खात्यात नंतर.

तेरा ते अठरा वयाला आठ ते दहा तास झोप लागते. त्यात निसर्गच या वयात शरीराचं घड्याळ पुढे ढकलतो. झोप आणणारं मेलाटोनिन मोठ्या मुलांत उशिरा सुटतं, म्हणून दहाला 'झोप येत नाही' म्हणतो ते बऱ्याचदा खरंच असतं. त्यावर डोळ्यांपासून वीतभर अंतरावरचा उजेड, आणि त्याहून वाईट म्हणजे धडधडणारी छाती. शेवटच्या वर्तुळात चार जण उरलेत आणि आपण त्यांतले एक आहोत, अशा क्षणी शरीर लढाईच्या तयारीत असतं. फोन ठेवला तरी ते लगेच शांत होत नाही.

दिवसभर शिकलेलं गाढ झोपेत पक्कं होतं. हिप्पोकॅम्पस त्या वेळी दिवसाची उजळणी करून गोष्टी मेंदूच्या वरच्या थरांकडे सोपवत असतो. ही उजळणीच कापली गेली तर दिवसा कितीही क्लास लावा, गळक्या हंड्यात पाणी भरल्यासारखं होतं. शिवाय स्वतःला आवर घालणारा कपाळामागचा भाग पंचविशीपर्यंत पिकत असतो, आणि झोप कमी झाली की पहिला तोच ढेपाळतो. तो रात्री तुम्हाला जे बोलला, ते अडीच वाजता, अर्धवट झोपेच्या कित्येक रात्रींनंतर बोलला. ते फार मनाला लावून घेऊ नका.

---

फळा_खडू

अमरावती जिल्ह्यात नववी-दहावीला शिकवते. सोमवारी पहिल्या तासाला कोण रात्रभर जागलंय हे मला हजेरी घेतानाच कळतं. 'हजर'सुद्धा दुसऱ्यांदा हाक मारल्यावर येतं. आमच्याकडची पोट्टी हुशार आहेत हो, पण डोळे उघडे ठेवायचीच मारामार. पूर्वी शेतात राबून थकून यायची, तेव्हाही पेंगायची. ते मी समजू शकत होते. हे बघवत नाही.

---

स्क्वॉडलीडर

काकू, मी पुण्यात आयटीत आहे, वय २८. दहा वर्षं झाली खेळतोय, आधी कॅफेत जाऊन काउंटर-स्ट्राइक, मग पबजी. तुमच्या मुलाच्या जागी मी होतो, म्हणून आतून कसं असतं ते सांगतो.

बीजीएमआयची क्लासिक मॅच म्हणजे शंभर जण एका बेटावर उतरतात. वर्तुळ लहान लहान होत जातं, शेवटपर्यंत टिकलात तर अर्धा तास जातो. मध्ये पॉज नाही. चौघांचा स्क्वॉड असतो, आणि मध्येच सोडून गेलात तर बाकीचे तिघं मरतात, सगळ्यांची रँक पडते. दुसऱ्या दिवशी शाळेत तेच तिघं भेटणार असतात. म्हणून तुम्ही 'आत्ताच्या आत्ता ठेव' म्हणता तेव्हा त्याला ते 'मित्रांना दगा दे' असं ऐकू येतं. तो खेळतोय म्हणून नाही, अडकलाय म्हणून ओरडतो. माझी आई हे समजली त्या दिवसापासून आमची भांडणं निम्मी झाली. ती विचारायची, "ही कितवी? ही झाली की जेवायला ये." आणि मी यायचो.

रात्रीच का खेळतो, तर स्क्वॉडमधले सगळे तेव्हाच मोकळे असतात. त्यांच्या आया तेव्हा झोपलेल्या असतात. वाईट वाटेल, पण खरं आहे. बाकीच्या तिघांच्या घरी बोललात तर तुमचं अर्धं काम होईल. एकट्या तुमच्या मुलाने अकराला बंद केलं तर तो गटातून बाहेर पडतो. चौघांनी मिळून बंद केलं तर कुणाचंच काही जात नाही.

सीझन संपत आला की रँक पुशसाठी, म्हणजे क्रमांक वर न्यायला, जास्त खेळणं होतं, तेव्हा डोळ्यात तेल घालून लक्ष ठेवा. आणि यूसी विकत घेतली आहे का ते पाहा. म्हणजे गेममधले पैसे. त्यातून कपडे, बंदुकीचे स्किन, रॉयल पास येतो. तुमचं यूपीआय किंवा कार्ड फोनला जोडलेलं असेल तर आजच काढा. २०२३ मध्ये बंदी उठून गेम परत सुरू झाला तेव्हा १८ खालच्यांना दिवसाला तीन तासांची मर्यादा घातली होती, पण वय खोटं टाकलं असेल तर ती लागू होत नाही. तेही बघा. त्याच्यावर ओरडायला नको, तो बसलेला असताना त्याच्यासमोर बघा.

---

जुना_सदस्य

सगळे झोपेवर आणि वेळेवर बोलताहेत. पण दिवसरात्र माणसं मारायचा खेळ खेळून मुलाच्या मनावर काहीच होत नाही, हे मला पटत नाही. आम्ही विटीदांडू खेळलो, लंगडी खेळलो. त्यात कुणाच्या डोक्यात गोळी घालायची नव्हती.

---

चेतातंतू

तुमची काळजी रास्त आहे आणि शास्त्रज्ञांनाही ती होती, म्हणूनच यावर वीसेक वर्षं भांडणं झाली. आधीच्या काही अभ्यासांत हिंसक गेमनंतर थोड्या वेळापुरती आक्रमकता वाढल्याचं दिसलं होतं. पण मोजायच्या पद्धती फार ढिल्या होत्या. समोरच्याला किती मोठा आवाज ऐकवता, किती तिखट सॉस खायला देता, यावरून आक्रमकता ठरवत. २०१९ मध्ये ऑक्सफर्डच्या अँड्र्यू प्रिझबिल्स्की यांनी ब्रिटनमधल्या १४-१५ वर्षांच्या सुमारे हजार मुलांचा अभ्यास केला. प्रश्न काय विचारणार आणि उत्तरं कशी मोजणार हे त्यांनी आधीच जाहीर करून टाकलं होतं, म्हणजे नंतर सोयीचं तेवढं उचलता येऊ नये. गेम किती हिंसक हे मुलांना न विचारता अधिकृत वर्गवारीवरून ठरवलं आणि मुलांच्या वागण्याबद्दल पालकांना विचारलं. हिंसक गेम आणि आक्रमक वागणं यांचा संबंध सापडला नाही.

तरीही लहान मुलांना असे गेम देऊ नयेत, याला माझा पूर्ण पाठिंबा आहे. सात-आठ वर्षांच्या मुलाला रात्री भीती वाटते, स्वप्नं पडतात, एवढं कारण पुरेसं आहे.

---

जुना_सदस्य

पटलं असं म्हणणार नाही, पण उत्तर नीट दिलंत. आभार.

---

सांधेजोड

फिजिओथेरपिस्ट आहे, ठाण्यात. अबोलीताई, अंगठ्याकडे कानाडोळा करू नका. हे घरी करून पाहा: अंगठा तळव्यात घेऊन त्याची मूठ करायला सांगा आणि मनगट हळूच करंगळीच्या बाजूला वाकवायला सांगा. अंगठ्याच्या मुळाशी मनगटापाशी चमक निघाली तर तिथल्या स्नायूबंधांच्या आवरणाला सूज असू शकते. याला डी क्वेर्वेन म्हणतात. पूर्वी ही तक्रार तान्ह्या बाळांच्या आयांमध्ये जास्त दिसायची, सतत बाळ उचलून. आता माझ्याकडे सोळा-सतराची मुलं येतात. लवकर आलात तर विश्रांती, पट्टा आणि व्यायाम यांवर बहुतेक वेळा भागतं. दुखणं दाबून खेळत राहिला तर महिने जातात.

दुसरं म्हणजे मान. पलंगावर भिंतीला पाठ टेकून, हनुवटी छातीला लावून खेळतात. खेळायचंच तर टेबल-खुर्चीवर, फोन उभा करून, कोपरांना आधार देऊन. अंगावर पांघरूण घेऊन अजिबात नाही.

---

डोळस

त्यात माझी भर. मी डोळ्यांचा डॉक्टर, मिरजेला. स्क्रीनकडे टक लावली की पापण्या मिटण्याचं प्रमाण खूप कमी होतं, म्हणून डोळे कोरडे पडतात, चुरचुरतात. हे त्रासदायक असलं तरी तात्पुरतं असतं. चष्म्याचा नंबर वाढतो ते तात्पुरतं नाही; डोळ्याचा गोळा लांबला की पुन्हा आखूड होत नाही. जवळचं काम आणि घरात कोंडून राहणं, दोन्ही त्याला कारण. नंबर लागूच नये म्हणून सगळ्यात भरवशाचा उपाय फुकट आहे: दिवसाउजेडी बाहेर असणं. तैवानने २०१० पासून शाळांमध्ये मुलांना रोज दोन तास बाहेर काढायची मोहीम घेतली आणि वर्षानुवर्षं वाढत गेलेलं मायनस नंबराचं (लांबचं धूसर दिसण्याचं) प्रमाण खाली यायला लागलं. गोळ्या नाहीत, थेंब नाहीत, नुसतं ऊन. नाशिकला तर हवाही चांगली आहे. संध्याकाळी तासभर तरी मैदानावर पाठवा, क्रिकेट खेळू दे नाहीतर नुसता कट्ट्यावर बसू दे.

आणखी एक, थोड्यांसाठी पण महत्त्वाचं. घरात कुणाला फिट येत असतील तर लखलखणाऱ्या गेमपासून जपा. १९९७ मध्ये जपानमध्ये पोकेमॉनच्या एका भागात लाल-निळा उजेड वेगाने लुकलुकला आणि एका संध्याकाळी शेकडो मुलांना रुग्णालयात न्यावं लागलं. त्यातल्या बऱ्याच जणांना त्याआधी कधी फिट आलेली नव्हती.

---

पंचगंगा

मूळ विषय मुलांचा आहे, पण हे लिहिल्याशिवाय राहवेना. माझा मावसभाऊ, वय ३४, ऑनलाइन रमी खेळायचा. बक्षिसाचे दोन हजार आले तेव्हा घरी पेढे आणले होते. दीड वर्षात बायकोचं डोरलं गहाण पडलं. 'कौशल्याचा खेळ' आहे म्हणायचा, आणि हरला की आणखी कौशल्य दाखवायला पुन्हा पैसे भरायचा. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने कायदा करून पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घातली, कौशल्य असो वा नशीब. त्यात ई-स्पोर्ट्सला, म्हणजे गेमच्या स्पर्धांना, मात्र मान्यता आहे. आमच्या घराला हा कायदा दोन वर्षं आधी हवा होता.

स्क्वॉडलीडरने सांगितलेलं यूपीआयचं कृपा करून मनावर घ्या. मुलांच्या गेममध्ये पेट्या उघडायची सवय लागते, आणि पेटी उघडणं नि पत्ता उचलणं यांत मला तरी फार अंतर दिसत नाही.

---

चेतातंतू

पंचगंगा, तुमच्या मनात आलेलं इतरांच्याही मनात आलं. पैसे देऊन अशा पेट्या उघडणं म्हणजे जुगारच, असं ठरवून बेल्जियमने २०१८ मध्येच त्यांना बंदी केली. तुमच्या भावासाठी मनापासून वाईट वाटलं.

---

अबोली

सगळ्यांचे प्रतिसाद दोन-दोनदा वाचले. एकच विचारायचं राहिलं. याला व्यसन म्हणायचं का? डॉक्टरकडे न्यायचं का? घरच्यांना सांगायची भीती वाटते, लोक काय म्हणतील.

---

चेतातंतू

जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ मध्ये 'गेमिंग डिसऑर्डर' हा विकार आजारांच्या यादीत घेतला, १ जानेवारी २०२२ पासून ती यादी लागू झाली. त्यात तास मोजलेले नाहीत, हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. तीन गोष्टी पाहतात: खेळण्यावर ताबा न राहणं, बाकीच्या सगळ्या आवडी आणि कामं मागे पडून गेम पुढे येणं, आणि नुकसान दिसत असूनही खेळत राहणं किंवा वाढवणं. हे सगळं साधारण वर्षभर चाललेलं असावं आणि शिक्षण, घर, मैत्री यांचं ठळक नुकसान व्हावं. रोज चार तास खेळूनही कुणी त्यात बसणार नाही, दोन तास खेळून कुणी बसेल.

तुमच्या मुलाबद्दल मी इथे बसून सांगू शकत नाही. पण स्वतःला एक प्रश्न विचारा: गेमच्या आधी त्याला जे आवडायचं, त्यातलं काही उरलंय का?

मदत घ्यायला आजार सिद्ध व्हायची वाट बघायची गरज नाही. केंद्र सरकारची मानसिक आरोग्यासाठीची टेलिमानस हेल्पलाइन आहे, १४४१६, फुकट आणि मराठीत बोलता येतं. बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्याच्या राष्ट्रीय संस्थेत २०१४ पासून 'शट क्लिनिक' फक्त तंत्रज्ञानाच्या अतिवापरासाठी चालतं. पुण्यात मुक्तांगण हे व्यसनमुक्ती केंद्र आहे. आणि सगळ्यात आधी तुमचे नेहमीचे डॉक्टर. कधीकधी गेम हे कारण नसून लपायची जागा असते. शाळेत कुणी त्रास देत असेल, मन उदास असेल, अभ्यासात कुठेतरी गाडी अडली असेल, तर मूल जिथे आपण जिंकतो तिथेच जाऊन बसतं.

---

अबोली

(साडेसहा आठवड्यांनी)

धागा वर काढतेय, कारण तुम्हाला सांगायला हवं.

त्या शेवटच्या प्रश्नावर दोन दिवस विचार केला. तो पूर्वी चित्रं काढायचा. विचारलं तर म्हणाला, वही संपली. किती महिन्यांपूर्वी संपली, तर आठवीत. मी रडले, त्याच्यासमोर नाही.

फोन परत दिला. त्याआधी त्याच्या शेजारी बसून एक अख्खी मॅच पाहिली. मला निम्मं कळलं नाही, पण तो सांगत होता. किती दिवसांनी तो सलग वीस मिनिटं माझ्याशी बोलला. स्क्वॉडमधल्या बाकी तिघांच्या आयांना फोन केले. एकीला काहीच पत्ता नव्हता, एकीने माझ्यावरच आवाज चढवला, तिसरी म्हणाली की बरं झालं तुम्ही विषय काढलात. शेवटी मुलांनीच ठरवलं की शेवटची मॅच साडेनऊला सुरू करायची, आणि दहानंतर फोन हॉलमध्ये, आमचेही. नवऱ्याला हे सगळ्यात जड गेलं.

सगळं सुरळीत झालंय असं नाही. सीझनच्या शेवटच्या आठवड्यात दोनदा पहाटे फोन घेऊन बसलेला सापडला. या वेळी ओरडले नाही, पण दिवसभर डोकं धरून बसले होते. गणित अजून कच्चं आहे. पण विज्ञानाच्या सरांनी स्वतःहून सांगितलं की आता तो वर्गात जागा असतो. १४४१६ला एकदा मी स्वतःसाठी फोन केला. तिकडच्या बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं.

---

स्क्वॉडलीडर

काकू, साडेनऊची मॅच दहाला संपते, हिशोब बरोबर केलाय पोरांनी. त्याला माझ्याकडून शाबासकी द्या.

---

सांधेजोड

अंगठा कसा आहे?

---

अबोली

तीन आठवडे पट्टा लावला होता. आता मूठ करून वाकवला तर थोडंसंच दुखतं म्हणतो. काल वही आणून दिलीय. पेन्सिल धरताना दुखतं का, ते उद्या विचारते.